रंगकोटात ‘असूनही’ चालत नाही

आईने मला मिरच्या निवडायला बसवलं तेव्हा मी दुसरीत होतो. शेवगाव तालुक्यातलं आमचं गाव कोरडवाहू. विहिरीला पाणी टिकलं तर वडील अर्ध्या एकरात मिरची करायचे. तोडलेल्या मिरच्यांचा ढीग अंगणात ओतलेला होता. “लाल एकीकडं, हिरव्या एकीकडं. सोपं काम हाय,” असं सांगून आई भाकरी टाकायला आत गेली. मी मन लावून काम केलं. जाड एकीकडे ठेवल्या, बारीक एकीकडे. आई पदराला हात पुसत बाहेर आली, दोन्ही ढिगांकडे बघितलं आणि माझ्या पाठीत धपाटा घातला.

“कामाचा कंटाळा करतो व्हय रं?”

मी कंटाळा केला नव्हता, पण ते कसं सांगायचं हे मला कळेना. टोमॅटो लाल असतो आणि पोपट हिरवा असतो, हे मला पाठ होतं. ढिगातली एखादी मिरची हातात घेऊन ती टोमॅटोसारखी की पोपटासारखी हे ठरवायची वेळ आली की मात्र मी अडायचो. मला वाटायचं, ही गोष्ट बाकीच्या सगळ्यांना कोणीतरी कानात सांगून ठेवली आहे आणि माझ्या वेळी सांगणारा विसरला.

खरं काय ते आक्काने शोधून काढलं. आक्का माझी थोरली बहीण, माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठी. एकदा शाळेतून येताना तिच्या वेणीची लाल रिबीन घासाच्या वाफ्यात पडली. गुरांसाठी केलेला घास गुडघ्याएवढा वाढला होता. आक्का बांधावर उभी राहून म्हणाली, “ती बघ तिथं पडली. जा, आन.” मी वाफ्यात शिरलो. इकडे गेलो, तिकडे गेलो. आक्का वरून ओरडत होती, “आरं, पायाखाली हाय की!” मी खाली बघितलं. खाली घास होता.

शेवटी ती स्वतः आत आली, माझ्या पायाजवळ वाकली आणि रिबीन उचलली. तळहातावर धरल्यावर मला ती दिसली. तिने ती पुन्हा घासात टाकली, आणि रिबीन गेली. उचलली, परत आली. असं तिने चार-पाच वेळा केलं. मला जत्रेतल्या जादूगारासारखी गंमत वाटत होती. तिला वाटत नव्हती.

“तुला ह्ये येगळं दिसत न्हाई?” तिने विचारलं.

“काय येगळं?”

तिने रिबीन वेणीत घट्ट बांधली. मग म्हणाली, “कुनाला सांगू नको. डोळ्यात कायबाय पिळतील.”

ते गुपित आम्ही पुढे बारा-तेरा वर्षं सांभाळलं.

दिवाळीची सुट्टी लागली की आम्ही दोघं घरच्या रानात कापूस वेचायचो. या कामाला डोकं लागत नाही. बोटं चालतात, पोत्याची झोळी जड होते, आणि ओळ काही संपत नाही. त्या ओळी संपाव्यात म्हणून आक्काने कोट बांधला. गावाच्या पश्चिमेला एक मुरमाड टेकाड होतं. वर बाभळी आणि दगड, बाकी काही नाही. “त्या टेकाडावर एक कोट हाय,” ती एक दिवस बोंडं वेचता वेचता म्हणाली. “रंगकोट. तिथं तलवारी न्हाईत. तिथं लढाई रंगानं हुती.”

“रंगानं कशी हुईल?”

“लाल रंग बंद दार उघडतो. हिरवा जखम भरून काढतो. पिवळ्या रंगात उभं ऱ्हायलं की मानसाला खोटं बोलता येत न्हाई. निळ्यात बोललं की आवाज धा कोसावर जातो.”

हे सगळे रंग कोटाच्या मधोमध, बालेकिल्ल्यात, माणूस मावेल एवढ्या रांजणांत भरून ठेवलेले होते. कोटाला सात तट, सात दरवाजे आणि आक्काने आपल्या मनाने बसवलेली एक राणी. बाहेर वेढा घालून बसलेले शत्रू म्हणजे विटके. विटक्यांनी एखाद्या गोष्टीला हात लावला की तिचा रंग उडायचा आणि तिची ताकद जायची. एका ओळीत एक दरवाजा असा आमचा हिशेब होता. ओळीच्या तोंडाशी आम्ही दरवाजाबाहेर असायचो आणि शेवटाला आत.

पण दुसऱ्या दरवाजाशी माझं अडलं. आक्काचा नियम असा होता की दारवान झेंडा दाखवणार आणि आपण त्याचा रंग ओळखायचा. झेंडा म्हणून ती काहीही दाखवायची, एखादं पान, बांधावरचं फूल, बांगडीचा तुकडा. मी चुकायचो. चुकलं की परत पहिल्या दरवाजापासून सुरुवात. तिसऱ्या दिवशी मी झोळी खाली टाकली.

“मी न्हाई खेळत. ह्यो नियम खोटा हाय.”

“नियम कसा खोटा आसंल? कोट माझा हाय.”

“कोट टेकाडावर हाय. टेकाड कुनाचं न्हाई.”

आम्ही तिथेच कापसात उभं राहून भांडलो. मी सांगितलं की माझ्या दरवाजावरचा दारवान झेंडा दाखवणार नाही, रंग हातात देणार. लाल रंग हातात घेतला की चैतातल्या दगडासारखा पोळतो. हिरवा माठाच्या बुडासारखा ओला लागतो. पिवळा ज्वारीच्या कोंड्यासारखा टोचतो. निळा एवढा जड असतो की दोन हातांनी धरावा लागतो. ज्याला डोळ्यांनीच रंग कळतात त्याने माझ्या दरवाजातून येऊच नये.

आक्का रागाने लाल झाली असणार. मला ते काही कळलं नाही. पण दुसऱ्या दिवशी ती स्वतःच डोळे मिटून माझ्यापुढे हात पसरून उभी राहिली आणि म्हणाली, “दे, कुठला देतो त्यो.” त्या दिवसापासून रंगकोटात माझा नियम चालू झाला. तो आजतागायत चालू आहे.

सहावीत गेलो तेव्हा चित्रकलेचा तास आला. आक्काने युक्ती केली. माझ्या खडूंच्या पेटीतल्या प्रत्येक खडूला तिने डिंकाने कागदाची बारीक चिठ्ठी चिकटवली आणि वर रंगाचं नाव लिहिलं. झाडाचं पान काढायचं तर ‘हिरवा’ उचलायचा, खोड काढायचं तर ‘तपकिरी’. बरेच महिने माझं चित्र कोणाच्या डोळ्यांवर आलं नाही. मग एकदा आमचे चित्रकलेचे सर माझ्या बाकाशी थांबले. त्यांनी माझा कागद उचलून वर्गाला दाखवला.

“बघा रे. नवीन जातीचं झाड. पानं मातीची आणि खोड पोपटाचं. आंधळा आहेस का?”

वर्ग हसला. मी पेटीकडे बघितलं. चिठ्ठ्या तर जागेवर होत्या. काय चुकलं ते मला कळेना, पण एवढं कळलं की आता गप्प बसलो तर उरलेली शाळा मला आंधळा म्हणूनच काढावी लागेल.

“सर, ह्ये हितलं झाड न्हाई,” मी उभा राहून म्हणालो. “रंगकोटातलं हाय.”

“कुठला रंगकोट?”

“आमच्या टेकाडावरचा.”

सरांनी हातावर पट्टी मारली आणि म्हणाले, “खोडून टाक हे. नीट झाड काढ.”

“न्हाई काढनार. तिथं आसंच आसतं.”

तास संपेपर्यंत मला वर्गाबाहेर उभं केलं. मला लाज वाटत होती हे खरं. पण मधल्या सुट्टीत चार जण डबे घेऊन माझ्याकडे आले आणि एकाने विचारलं, “त्या कोटात आनखी काय काय हाय रे?” मी सांगायला सुरुवात केली. आठवडाभरात दहा झाले. दहावीला शाळा सोडली तेव्हा रंगकोटाचे सातही दरवाजे माझ्या वर्गाला पाठ होते, आणि आंधळा म्हणायला एकही जण उरला नव्हता.

त्याआधीच, तिची बारावी होताच आक्काचं लग्न झालं होतं. दिलं ते जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला, अकोले तालुक्याच्या डोंगरात, भंडारदऱ्याच्या अलीकडच्या एका गावात. आमच्याकडे प्यायच्या पाण्याला टँकर यायचा आणि तिच्याकडे चार महिने ऊन दिसायचं नाही. पत्रं लिहिण्याइतका वेळ तिला मिळायचा नाही. मी कॉलेजात गेलो आणि कोट तिथेच राहिला.

पदवी घेतल्यावर मी रेल्वेच्या भरतीची परीक्षा दिली, इंजिनावरच्या सहायक ड्रायव्हरची. लेखी पास झालो. गावात पेढे वाटून झाले. मग वैद्यकीय तपासणीला बोलावणं आलं. डॉक्टरांनी माझ्यापुढे ठिपक्यांची एक वही धरली.

“यात आकडा कोणता?”

“आकडा नाही, साहेब. ठिपके आहेत.”

त्यांनी पान उलटलं. “आणि इथे?”

“इथेही ठिपकेच.”

चारपाच पानं झाल्यावर त्यांनी वही मिटली. माणूस भला होता. “घरी कोणाला माहीत नव्हतं?” त्यांनी विचारलं. मी म्हणालो, “बहिणीला होतं.” त्यांनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि पुढच्या उमेदवाराला हाक मारली.

वडिलांनी ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाले, “येवढी वर्सं गप बसला?” आई दुसऱ्या दिवशी माझ्याजवळ येऊन बसली. हे आईकडून येतं असं तिला कोणीतरी सांगितलं होतं. “तवा मिरच्यापायी मारलं मी तुला,” ती म्हणाली आणि रडायला लागली. मी म्हणालो, “आई, मार कधीच जिरला. आणि त्ये आईकडून आलं का कुठून आलं, मला कायबी फरक पडत न्हाई. तू डोळे पूस.” कोणी पुन्हा तिला असं काही बोललं तर माझ्याशी गाठ आहे, हे मी पारावर जाऊन मोठ्याने सांगून आलो.

पण गावाला एक खेळच मिळाला. जो भेटेल तो आपला शर्ट पुढे करायचा. “माझ्या शर्टाचा रंग सांग बरं?” हे आजही होतं. नगरच्या सावेडीत राहायला येऊन इतकी वर्षं झाली, तरी नवा शेजारी, नवा सहकारी, कळल्यावर पहिली गोष्ट हीच करतो. तेव्हा गावात मी एक उत्तर ठरवून टाकलं होतं. कोणीही विचारलं की सांगायचो, “विटका.” बहुतेक वेळा ते बरोबरच निघायचं.

त्या भाद्रपदात मी चिडूनच आक्काकडे गेलो. एसटी राजूरच्या पुढे चढायला लागली आणि मी खिडकीबाहेर बघितलं, तर डोंगरच्या डोंगर पिवळे. सोनकी फुलली होती. लाल-हिरव्यात माझा घोटाळा होतो, पण पिवळा मला पुरेपूर दिसतो, निळाही दिसतो. शेजारी बसलेल्या म्हाताऱ्याने विचारलं, “पाहिलं का पोरा, काय रंग सांडलाय?” मी म्हणालो, “पाहिलं, बाबा.” त्या वेळी मी त्याच्याइतकंच पाहत होतो. तपासणीनंतर पहिल्यांदाच मला माझ्या डोळ्यांचा राग आला नाही.

आक्का भाताच्या खाचरात चिखलात उभी होती. मी बांधावर बसून रेल्वेची सगळी कहाणी सांगितली. तिने ऐकली आणि विचारलं, “कोटाचं काय झालं?”

“कसला कोट, आक्का? मी नोकरीचं बोलतोय.”

“म्हंजी पडला व्हय कोट?”

“पडंल कसा?” मी एकदम भडकलो. “सात तट हायेत त्याला.”

“मग लिवून काढ. तोंडानं बांधलेला कोट आपल्यासंगं मरून जाईल.”

तिच्या गावातल्या दुकानातून मी दोनशे पानी वही घेतली आणि तिच्या ओट्यावर पहिला दरवाजा लिहिला.

पुढचं थोडक्यात सांगतो. मी बीएड केलं, नगरला एका शाळेत गणिताचा शिक्षक झालो, सावेडीत घर केलं. वर्षं गेली. जिल्ह्याच्या पाट्यांवरचं नाव बदललं. रविवारी सकाळी मी रंगकोट लिहायचो. मध्ये दोन वर्षं काहीच लिहिलं नाही, मग एका सुट्टीत तीन दरवाजे झाले. अडलं की आक्काला फोन करायचो. विटके पाचव्या तटावर चढतात तेव्हा निळ्याचा उपयोग कसा करायचा यावर आम्ही दोन मोठी, संसारी माणसं तासतासभर वाद घालायचो. कधी तिचं खरं व्हायचं, जास्त करून माझं, कारण लिहिणारा मी होतो.

पुस्तक पुरं झालं तसं मी ते पुण्याच्या एका प्रकाशकाकडे पाठवलं. काही महिन्यांनी संपादक बाईंचा फोन आला. बाई तरुण आणि बोलायला गोड होत्या. पुस्तक सगळ्यांना फार आवडलं होतं. बोलता बोलता मी सहज म्हणालो की मला लाल-हिरवा वेगळा दिसत नाही. बाईंचा आवाजच बदलला. “सर! हे तुम्ही आधी का नाही सांगितलंत?”

पंधरा दिवसांनी हस्तलिखित परत आलं. त्यात साठेक ठिकाणी खुणा होत्या. मशालीची ज्योत मी हिरवी लिहिली होती, ती लाल केलेली. चौथ्या तटाबाहेरचं गवत राखाडी होतं, ते हिरवं केलेलं. सोबत मुखपृष्ठाचा नमुना होता. त्यावर माझ्या नावाखाली ओळ होती, ‘रंगांध असूनही ज्याने रंगांचं अख्खं जग उभं केलं!’

मी फोन लावला.

“मॅडम, या खुणा कशाच्या आहेत?”

“सर, ते तुमच्याकडून राहून गेलेलं आम्ही दुरुस्त केलंय. तुमचा दोष नाही त्यात. आम्ही समजू शकतो.”

“काही राहून गेलेलं नाही. कोटातली आग हिरवीच आहे. ती जाळत नाही, जखम भरते. दुसऱ्या प्रकरणात सगळं लिहिलंय.”

“पण आता वाचकांना तुमच्याबद्दल कळणार ना. मग ते म्हणतील, लेखकाला दिसत नाही म्हणून चुका झाल्या.”

“म्हणू देत. आणि ती मुखपृष्ठावरची ओळ काढा.”

“सर, त्या ओळीवर तर सगळं उभं आहे! पेपरात येईल, मुलाखती होतील. लोकांना भिडेल.”

“‘असूनही’ हा शब्द मला चालणार नाही.”

“मग ‘असल्यामुळे’ करू या का?”

“तोही नको. पुस्तकावर लेखकाचं नाव असतं, मॅडम. त्याच्या डोळ्यांचा दाखला नसतो.”

त्या विचार करून कळवते म्हणाल्या. मी त्याच संध्याकाळी आक्काला फोन केला. मला वाटलं ती माझ्यासारखीच पेटेल. ती म्हणाली, “घे की छापून. येका शब्दापायी आडतो कशाला? नाव हुईल तुझं.”

“आक्का, कोट आपला हाय. त्यांनी आग लाल केली, गवत हिरवं केलं.” मी चिडून एकेक खूण वाचून दाखवू लागलो. “आनि ह्ये बघ. तिसऱ्या दरवाजाजवळचं झाड. तपकिरी पानं, हिरवं खोड. त्येबी उलटं करून टाकलं. ज्या झाडापायी मी सहावीत पट्ट्या खाल्ल्या, त्ये झाड!”

मला वाटलं फोन कट झाला. डोंगरात रेंजचं काही खरं नसतं.

“हाय का?” मी विचारलं.

“त्ये झाड तुझं न्हाई,” ती हळूच म्हणाली.

“म्हंजी?”

“आपलं भांडान झाल्तं. तू गोष्टीत माझ्या रानीला कोटाबाहेर काढलं हुतं, आठवतं? मला लई राग आल्ता. मी तुझ्या पेटीतल्या दोन चिठ्ठ्या उलट्या लावल्या. हिरव्यावर तपकिरी आन तपकिरीवर हिरवा. वाटलं, थोडी फजिती हुईल. तू घरी आला तवा हाताला वळ हुते. मग सांगायचं धाडसच झालं न्हाई. आन पुन्यांदा गुपचूप सरळ लावून टाकल्या.”

मी फोन ठेवला. स्कूटर काढली आणि उगाचच भिस्तबाग महालापर्यंत जाऊन परत आलो. इतकी वर्षं मी मानत आलो होतो की त्या दिवशी माझ्या डोळ्यांनी दगा दिला. ज्या एकाच माणसावर मी रंगांच्या बाबतीत डोळे मिटून विसंबलो होतो, त्याने तो दिला होता. मी तीन आठवडे तिच्याशी बोललो नाही. तिचे फोन आले, मी उचलले नाहीत. शाळेत पोरांवरही विनाकारण खेकसलो.

चौथ्या रविवारी मी तिच्याकडे गेलो. ती दारात येऊन उभी राहिली. खाचरं कापून मोकळी झाली होती आणि तिचे केस बरेच पांढरे झाले होते. हे माझ्या आधी लक्षात आलं नव्हतं.

“शिव्या द्यायला आला आसशील तर दे,” ती म्हणाली.

“देनारच हाय. चहा ठेव आधी.”

चहा होईपर्यंत मी भरपूर बोललो. मनात होतं ते सगळं. कप माझ्या हातात देऊन ती म्हणाली, “आता त्ये झाड सरळ करून टाक. माझ्या पापाची खूण कशाला ठिवतो पुस्तकात?”

“झाड सरळ हुनार न्हाई.”

“आरं, पन ती चूक हाय. खरीखुरी चूक. तुझी बी न्हाई, माझी.”

“तू चिठ्ठ्या उलट्या केल्या, त्ये तुझं. पन वर्गात उभं राहून ह्ये रंगकोटातलं झाड हाय आसं कोन म्हनालं? पट्टी खाल्ली, तरी खोडलं न्हाई, त्ये कोनी केलं? तवापासून त्ये झाड तिथं हाय. आता प्रकाशक आला, का तू आली, तरी त्ये उपटायचं न्हाई.”

आक्का एकदम हसायला लागली. हसता हसता तिने डोळ्याला पदर लावला.

“आन आजून येक,” मी म्हणालो. “पुस्तकावर दोन नावं येतील. तुझंबी.”

“माझं कशाला? मी काय लिवलं त्यात?”

“पहिला दरवाजा कुनी बांधला?”

यावर तिने खूप आढेवेढे घेतले. सासरचे काय म्हणतील, जाऊबाई हसतील, लोक विचारतील ही कोण लेखिका. मी एकही कारण मान्य केलं नाही.

घरी आल्यावर मी संपादक बाईंना पत्र लिहून पुस्तक मागे घेतलं. त्यांचा पुन्हा फोन आला. ‘असूनही’ मागच्या पानावर बारीक अक्षरात टाकू, असं त्या म्हणाल्या. मी आभार मानले आणि नाही म्हणालो. माझी बायको शांतपणे ऐकत होती. फोन ठेवल्यावर तिने विचारलं, “आता पुढं काय करणार?” मी म्हणालो, “इथेच छापणार.”

आमच्या शाळेतल्या चित्रकलेच्या बाईंनी मुखपृष्ठ काढून दिलं. नगरमधल्या एका छोट्या छापखान्यात काम दिलं. मालक अनुभवी होते. मुखपृष्ठाचा पहिला कागद मशीनमधून निघाला तेव्हा त्यांनी तो टेबलावर पसरला आणि म्हणाले, “सर, रंग बघून सही करायला कोणाला बोलावताय? चित्र काढणाऱ्या बाई येतील का?” माझ्याबद्दल मी त्यांना पहिल्याच दिवशी सांगितलं होतं.

“सही मी करणार.”

“राग मानू नका, पण...”

“प्रत्येक रंगात शाईचं प्रमाण किती, ते बाईंनी मला लिहून दिलंय. मी गणिताचा माणूस आहे. तुमच्या फाईलमधले आकडे काढा.”

आम्ही दोघं संगणकापुढे बसलो. एकेक रंग, त्यातल्या चार शायांचे चार आकडे, मी वाचायचो आणि ते पडताळायचे. झाडाच्या खोडावर आलो तेव्हा ते थांबले. “सर, इथे पिवळ्या शाईचा आकडा वेगळा आहे. आमच्या पोराने टाकताना चूक केली.” त्यांनी तो दुरुस्त केला, नवा कागद काढला आणि दोन्ही कागद शेजारी ठेवले. “अहो, हे डोळ्याने मलाही कळलं नसतं,” ते म्हणाले. मी सही केली. हाताखाली मला दोन सारखेच कागद दिसत होते. चुकीचा कोणता ते मी आकड्यांवरून सांगू शकत होतो, आणि तेवढं पुरे होतं.

पुस्तक फार कुठे पोचलं नाही. पेपरात आलं नाही, मुलाखत झाली नाही. काही शाळांनी घेतलं, काही ओळखीच्यांनी घेतलं. आक्काने तिच्या गावातल्या वाचनालयाला स्वतः नेऊन दिलं आणि तिथल्या माणसाला आपलं नाव बोट ठेवून दाखवलं, असं तिच्या जाऊबाईंनीच मला कौतुकाने सांगितलं.

गेल्या हिवाळ्यात आमच्या गावच्या जिल्हा परिषदेच्या शाळेतून बोलावणं आलं. गुरुजींनी ओळख करून देताना शेवटी सांगितलंच, “आणि मुलांनो, सरांना रंग दिसत नसूनही...” मी त्यांना तिथेच थांबवलं. म्हणालो, “गुरुजी, ते राहू द्या. मुलांना गोष्ट ऐकायची आहे.” ते ओशाळले, मुलं खूश झाली. मी सातव्या दरवाजाचं प्रकरण वाचलं. विटक्यांचा वेढा, रांजणांवरची झाकणं, सगळं. वाचून झाल्यावर विचारलं, कोणाला काही शंका?

सहावीतली एक मुलगी उठली. दोन वेण्या, हाताला शाईचे डाग.

“सर, कोटात पानी कुठून येतं?”

मी पुस्तकाकडे बघितलं. सात तट, सात दरवाजे, बालेकिल्ला, रांजण. आक्काने आणि मी इतकी वर्षं वाद घातले, आणि त्यात पाण्याचा एक थेंब नव्हता.

“पुस्तकात ते नाही,” मी म्हणालो.

“मग विटक्यांना लडायची गरजच काय? नुस्ते बाहेर बसून ऱ्हायले तरी आठ दिवसात समदे मरतील की आतले.”

वर्ग हसला. गुरुजी म्हणाले, “बस खाली. पाहुण्यांच्या चुका काढतात का?”

ती बसली नाही. “चूक काढत न्हाई, सर. पानी नसंल तर कोट टिकायचाच न्हाई.”

“तिला बोलू द्या,” मी म्हणालो. “बरोबर आहे तिचं.”

फळ्यावर गुरुजींनी माझ्यासाठी रंगकोटाचा नकाशा काढून ठेवला होता, पुस्तकातून हुबेहूब उतरवलेला. मुलगी बाकांमधून पुढे आली. तिने टेबलावरचा खडू घेतला, बालेकिल्ल्यातले दोन रांजण हाताने पुसून टाकले आणि तिथे एक चौकोन काढला. त्याच्या आत आणखी एक चौकोन, मग खाली उतरणाऱ्या पायऱ्या.

“हितं बारव,” ती म्हणाली, आणि मला विचारलंही नाही.